सोमवारची कढई

माझा नवरा उद्यमनगरातल्या एका फौंड्रीत कामाला होता. नव्वद सालानंतर दोन-तीन वर्षांत कधीतरी त्यानं ती नोकरी सोडली आणि राजारामपुरीत, कॉलेजच्या पोरापोरींची दिवसभर ये-जा असलेल्या एका गल्लीत, आम्ही गाळा घेतला. बोर्डावर मोठ्या लाल अक्षरांत 'फास्ट फूड' असं रंगवून घेतलं. त्या दोन शब्दांना तेव्हा कोल्हापुरात भारी वजन होतं. आत मिळायचा तो मात्र बटाटेवडा, कांदाभजी, कटलेट, आणि नव्या जमान्याचं म्हणून फिंगर चिप्स आणि बर्गर. बर्गर म्हणजे गोल पाव मधोमध चिरून आत कटलेट, कांद्याची चकती आणि सॉस. माझ्या सासूबाई त्याला शेवटपर्यंत 'कटलेटाचा पाव' म्हणाल्या. पोरं बर्गर मागायची, सासूबाई आतून ओरडायच्या, "दोन कटलेटाचं पाव झालं, घ्या!" आणि पोरं आपली बर्गर खाल्ल्याच्या थाटात खायची.

सासूबाईंना नवरा अव्वा म्हणायचा. मग मीही अव्वाच म्हणायला लागले आणि वर्षाच्या आत अख्खी गल्ली. त्यांचं माहेर सीमेपलीकडं, निपाणीच्याही पुढं. माहेरी तेलाचा घाणा होता. बोलणं पक्कं कोल्हापुरी, पण राग आला किंवा फार आनंद झाला की तोंडातून कानडी बाहेर पडायचं. बटाटे उकडणं आणि पीठ भिजवणं माझ्याकडं, गल्ला आणि टेबलं नवऱ्याकडं, पण कढई अव्वांची, आणि कढईत शेंगतेल. दुसरं तेल आणायचं नुसतं नाव काढलं तरी त्या म्हणायच्या, "आणा की. मग तळायलाबी दुसरीच बाई आणा."

त्यांचं चुकत होतं असंही नाही. ओळखीच्या मिलमधून डबे यायचे. डबा फोडला की भाजक्या शेंगांचा वास खोलीभर पसरायचा, आणि त्या तेलात वडा सोडला की तोच वास गल्लीच्या टोकाला जाऊन गिऱ्हाईक घेऊन यायचा. शिवाय चटणीत दाणे, भेळेवर दाणे, उपवासाच्या दिवशी साबुदाणा वड्यात दाण्याचं कूट. आमच्या स्वयंपाकघरात शेंगदाणा नाही असा एक कोपरा दाखवता आला नसता. हाच शेंगदाणा कुणाला बाधत असेल, हे आमच्या स्वप्नातही नव्हतं.

मे महिन्यातली दुपार होती. कॉलेजं बंद, त्यामुळं दुकानात शुकशुकाट. एक उंच, भरल्या अंगाचा माणूस आत आला. हातात टेम्पोची किल्ली, बरोबर सात-आठ वर्षांची पोरगी, दोन घट्ट वेण्या घातलेली. त्यानं स्वतःसाठी बर्गर आणि चिप्स मागवले. पोरीनं पिशवीतून आपला डबा काढला, झाकण उघडलं आणि गूळ-तुपाच्या चपातीचा घास घेतला.

नवऱ्यानं गल्ल्यावरूनच हाक दिली, "ओ पावणं, भायेरचा डबा हितं चालत न्हाई."

"तुमचं तिला चालत न्हाई," तो माणूस म्हणाला. "चालत असतं तर घरनं डबा कशाला आणला असता?"

आवाज मोठा होता, पण भांडणाचा नव्हता. आमच्याकडं प्रेमाचं बोलणंही शेजारच्या घरात ऐकू जातं. मी पाण्याचे पेले ठेवायच्या निमित्तानं टेबलापाशी गेले आणि विचारलं, काय चालत नाही म्हणून.

तो गडमुडशिंगीचा. टेम्पोतून मार्केटला भाजी पोचवायचा. वर्षभरापूर्वी मलकापूरला पाहुण्यांच्या लग्नाला गेले होते. तिथं पोरीनं दाण्याचा लाडू खाल्ला. ताटावरून उठायच्या आत ओठ सुजले, अंगावर पित्त उठलं, श्वासाला शिट्टी वाजायला लागली. तशीच टेम्पोत घालून दवाखान्यात पळवली. तिथल्या डॉक्टरांनी सगळं विचारून सांगितलं, हिला शेंगदाण्याचं वावडं आहे. आधीही अधूनमधून ओठ खाजायचे, पण कुणी मनावर घेतलं नव्हतं.

"तवापास्नं हिच्या आईनं घरातलं कूट, चटणी, शेंगतेल, समदं भायेर काढलं," तो म्हणाला. "घरात काय अडचण न्हाई. भायेर पडलं की पंचाईत. कुटंबी जावा, कढईत शेंगतेलच. मग मी खातो आन् ही डबा खाती."

अव्वा हातात झारा घेऊनच बाहेर आल्या होत्या. "शेंगदाण्यानं?" त्या म्हणाल्या. "शेंगदाण्यानं कुणाचं वाईट झालंय व्हय? तालमीतली पोरं त्येच्यावर पैलवान हुत्यात."

"हुत्यात की. आमची न्हाई झाली."

यावर पहिल्यांदा हसली ती पोरगीच. मग आम्ही सगळे हसलो. तेवढ्यात चिप्सची बशी आली. पोरीनं त्या बशीकडं पाहिलं आणि मग माझ्याकडं. "मावशी, त्ये वरनं करकरीत दिसतंय, पर आतनं मऊ असतंय का वो?"

मी हो म्हणाले. तिनं मान हलवली आणि चपातीचा पुढचा घास घेतला. हट्ट नाही, रडणं नाही. तिला फक्त माहिती हवी होती.

तिच्या बापानं खाऊन झाल्यावर साबण मागितला. मोरीपाशी उभं राहून हात धुतले, तोंड धुतलं, मिशासुद्धा चोळून धुतल्या. मगच पोरीचा हात धरला आणि दोघं टेम्पोकडं गेली.

संध्याकाळची भजी तळताना अव्वा अचानक म्हणाल्या, "माझ्या दुकानात येऊन पोरगी डबा उघडून बसती. बरं दिसत न्हाई ह्ये."

आमच्या गाळ्यासमोर एका डॉक्टरांचा दवाखाना होता. दुपारचे पेशंट संपले की ते वडा खायला यायचे. दुसऱ्या दिवशी मी त्यांना विचारलं, की तेल बदललं तर त्या पोरीला आमच्याकडचं काही देता येईल का. त्यांनी वडा खाली ठेवला.

"नुसतं तेल बदलून भागणार नाही," ते म्हणाले. "कढई तीच, झारा तोच, चाळण तीच, चटणीचा हात त्याच बटाट्याला लागणार. रिफाइंड तेलातून तो त्रासदायक भाग बराचसा निघून जातो म्हणतात, पण तुमचं तेल रिफाइंड नाही. त्याला शेंगांचा वास येतो म्हणून तर मी इथं येतो. करायचं असेल तर सगळं वेगळं करा. जमणार नसेल तर सरळ नाही म्हणून सांगा. अर्धवट मात्र करू नका, लेकराच्या जिवाशी खेळ होतो."

हे मी घरी येऊन सांगितलं. नवरा म्हणाला, "मग न्हाईच म्हणूया. एका पोरीसाठी अख्खं दुकान कुटं धूत बसायचं?"

अव्वा भाकरी थापत होत्या. त्यांनी विचारलं, "आपल्या दुकानात अंडं का येत न्हाई?"

"आता ह्ये काय अव्वा. आपुन लिंगायत, आपल्यात चालत न्हाई."

"एकांद्या बाजूला ठेवलं तर?"

"न्हाई चालत."

"आन् चौमाशात जैनांची माणसं येत्यात, तवा केळ्याचं काप कांदा-बटाट्याच्या कढईत तळतो का आपुन?"

"न्हाई. त्येंच्यासाठी धाकटी कढई हाय."

"मग झालं," अव्वा म्हणाल्या. "वेगळं कसं ठेवायचं ह्ये आपल्याला डाक्टरनं शिकवाय नगं. त्या पोरीचं सोवळं शेंगदाण्याचं हाय. आपुन त्ये पाळायचं."

"सोवळं देवाचं असतंय, अव्वा."

"मग पोरगी काय कमी हाय व्हय?" असं म्हणून त्यांनी भाकरी तव्यावर टाकली. विषय संपला.

आमचं दुकान सोमवारी बंद असायचं. म्हणून सोमवार ठरला. बटाटे आणायला नवरा मार्केटला जायचा, तिथं त्यानं टेम्पोवाल्याला गाठलं आणि निरोप सांगितला. तो म्हणाला, "बघतो. हिच्या आईला इचारतो." दोन दिवसांनी परत मार्केटात भेटून त्यानं सांगितलं, की येतो, पण आधी तुमची कढई बघणार. अव्वांना हे फार आवडलं. "शाना बाप हाय," त्या म्हणाल्या.

कढईवरून मात्र आमच्या घरात थोडी कुरबुर झाली. अव्वांनी माळ्यावरून आपली लग्नातली लोखंडी कढई काढली, चिंचेनं घासून चकचकीत केली आणि माझ्यापुढं ठेवली. त्यांच्या दृष्टीनं त्याहून चांगलं भांडं जगात नव्हतं.

"अव्वा," मी जरा घाबरतच म्हणाले, "हिनं तुमच्या लग्नापासून शेंगतेलच पिलंय. लोखंडात मुरलेलं असणार."

त्यांचा चेहरा उतरला. त्या कढईवर हात फिरवत राहिल्या. मग एकदम हसायला लागल्या. "व्हय गं. माझ्यापरास हीच जास्त प्याली. ठेव वर."

महाद्वार रोडच्या बाजूला भांड्यांच्या दुकानात आम्ही दोघी नवी कढई घ्यायला गेलो. अव्वांनी प्रत्येक कढई उलटी करून, बोटानं वाजवून, कानाशी धरून बघितली. दुकानदार म्हणाला, "मावशी, तबला न्ह्यायचाय का कढई?" "बद्द वाजतीया ती जळती," अव्वा म्हणाल्या. शेवटी एक मनासारखी वाजली. त्याच्याबरोबर नवा झारा, नवी चाळण, नवी सुरी. घरी आल्यावर कढईला हळद-कुंकू लावलं.

तेल सूर्यफुलाचं आणलं. त्याचं पाकीट अव्वांनी उजेडात धरून बघितलं, कोपरा कापून हुंगलं, पुन्हा हुंगलं. "ह्ये तेल हाय का पाणी? वासच न्हाई ह्येला."

"वास नाही म्हणूनच तर आणलंय."

"आता काय बोलायचं," अव्वा पुटपुटल्या. पुढचं कानडीत होतं, ते मी विचारलं नाही.

रविवारी दुकान मिटवल्यावर दाण्याचं पोतं, चटणीचे डबे, जुनी तेलं, भेळेचं सामान, सगळं आम्ही घरी हलवलं. सोमवारी सकाळी नवऱ्यानं ओटा, भिंती, टेबलं, फरशी सोड्याच्या गरम पाण्यानं धुतली. फौंड्रीतल्या माणसाला एकदा घासायला लावलं की तो थांबत नाही. पंख्याची पातीसुद्धा पुसली. कूट उडून तिथवर जात असेल हे त्याच्याच डोक्यात आलं. मी दोनदा हात धुऊन नव्या सुरीनं बटाट्याचे लांब काप केले. अव्वा न्हाऊन, घडीचं इरकल नेसून आल्या. रोजच्या लुगड्याला चटणीचा हात लागलेला असतो, असं त्यांनी स्वतःच ठरवलं होतं.

दुपारी टेम्पो दारात उभा राहिला. बाप इस्त्रीच्या शर्टात, पोरगी जरीच्या परकर-पोलक्यात. डबा बरोबर होताच. आईनं दिलाच होता, भरवसा नको म्हणून. समोरचे डॉक्टरही येऊन बसले होते. त्यांना मी आदल्या दिवशीच विनंती केली होती, आणि त्यांनी आपली बॅगही आणली होती. बाप सरळ आत गेला. कढई बघितली, झारा उलटासुलटा करून बघितला, तेलाचं पाकीट हातात घेऊन त्यावरची बारीक अक्षरं ओठ हलवत वाचली. सगळे डबे उघडून हुंगले.

"बघा, समदं बघा," अव्वा म्हणत होत्या. "लाजू नगा. ओट्याखालीबी बघा."

त्यानं तिथंही बघितलं.

तेल तापायला ठेवलं आणि पहिल्यांदाच मी अव्वांना कढईपुढं बावरलेलं पाहिलं. शेंगतेल तापलं की त्याच्या वासावरून त्यांना कळायचं. याला वासच नाही. त्या पुढं वाकायच्या, नाक ओढायच्या, मागं व्हायच्या. "डोळं बांधून तळल्यागत झालंय," त्या म्हणाल्या. मग एक काप सोडून बघितला, कान कढईकडं केला आणि खूष झाल्या. "आता कानानं तळतो. गप ऱ्हावा सगळी."

तळणाचा नुसता आवाज. काप सोनेरी झाले तसे त्यांनी नव्या चाळणीत उपसले, वर मीठ भुरभुरलं आणि एक काप बशीत घालून पोरीपुढं ठेवला. डॉक्टरांनी सांगून ठेवलं होतं, आधी एकच, मग थांबायचं.

पोरीनं तो काप दोन्ही हातांनी धरला, फुंकर मारली आणि टोकाकडून खाल्ला. खाताना डोळे मिटले. बाप तिच्या ओठांकडं बघत होता, आम्ही बापाकडं. बराच वेळ गेला. काहीच झालं नाही. पोरगी पाय हलवत बसली होती. शेवटी तीच म्हणाली, "दुसरं खाऊ का आता? ह्ये गार व्हायलंय."

डॉक्टर म्हणाले, खा.

तिनं दुसरा खाल्ला, तिसरा खाल्ला, मग बशीच पुढं ओढली. मध्येच म्हणाली, "तुमी समदी का बघताय माझ्याकडं?" बापाला हसूही येत होतं आणि डोळेही भरले होते. त्यानं एक काप उचलला, तर पोरगी म्हणाली, "आप्पा, तुमचा तुमी मागवा."

अव्वांना भरून आलं आणि त्या भरात त्यांनी दुसऱ्या घाण्यावर सवयीनं नव्या पुडीतलं लाल तिखट टाकलं. पोरीनं त्यातले दोन खाल्ले आणि तिचे ओठ लाल झाले, कान लाल झाले, नाक वाहायला लागलं. बाप ताडकन उभा राहिला. खुर्ची मागं पडली. "डाक्टर!"

डॉक्टर लगेच पुढं झाले. तिचा चेहरा उजेडाकडं केला, ओठ बघितले, हात-पाय बघितले, छातीला नळी लावली, जीभ बाहेर काढायला लावली. मग नळी काढून गळ्यात अडकवली आणि म्हणाले, "हे वावडं नव्हे. हे कोल्हापूर आहे."

क्षणभर कुणाला कळलंच नाही. मग पोरगी नाक ओढत म्हणाली, "तिकाट हाय लई. पर भारी हाय. अजून घाला."

आम्ही इतके हसलो की शेजारचा शिंपी मशीन थांबवून बघायला आला. बंद दुकानात काय चाललंय त्याला समजेना. अव्वा पदर तोंडाला लावून हसत होत्या आणि कानडीत काहीतरी म्हणत, बोटं मोडून पोरीची दृष्ट काढत होत्या. पोरीचा घरचा डबा त्या दिवशी तसाच बंद परत गेला.

त्यानंतर सोमवार हा पोरीचा वार झाला. दर सोमवारी नाही, पण महिन्यातून एखाद-दोनदा तरी शाळा सुटल्यावर टेम्पो यायचा. कधी आई यायची आणि अव्वांशी घरच्या तळणाबद्दल तासभर बोलायची. ही गोष्ट कशी पसरली कुणास ठाऊक, पण पन्हाळ्यावरची एक बाई आपल्या मुलाला घेऊन यायला लागली. त्याला तिळाचं वावडं होतं. अव्वा आता या कामात मुरल्या होत्या. नवं माणूस आलं की पहिला प्रश्न, "तुमचं सोवळं कशाचं?" काही जण गोंधळायचे. पण एकदा कळलं की मोकळेपणानं सांगायचे, कारण तोवर त्यांना सगळीकडं एकच ऐकायला मिळालेलं असायचं, थोड्यानं काय होतंय, खा की.

काही वर्षांनी शेजारचा शिंपी दुकान सोडून गेला तेव्हा तो अर्धा गाळाही आम्ही घेतला आणि सूर्यफुलाची कढई कायमची तिकडं नेली. मध्ये भिंत, वेगळा ओटा, वेगळं दार. चिप्स, कटलेट तिकडं, वडे-भजी इकडं. जुनी गिऱ्हाइकं कुरकुरली. "वैनी, कटलेटाची चव बदलली की वो!" म्हणायची. अव्वा सांगायच्या, "चव पायजे तर हिकडं वडा खावा." आणि बहुतेक जण दोन्हीकडं खायला लागले.

पोरगी कॉलेजात गेली त्या सुमाराला शहरात बर्गरचं एक चकचकीत दुकान उघडलं. काचेची दारं, गार हवा, टोप्या घातलेली पोरं-पोरी काउंटरमागं. पोरीच्या मैत्रिणी तिथं जायला निघाल्या आणि तिला चल म्हणाल्या. ती सरळ आमच्याकडं आली आणि वेगळ्या दारातून आत येऊन म्हणाली, "आज्जी, माझ्यासंगं चला. तेल कंचं हाय ते मला नीट इचाराय जमत न्हाई. मैत्रिणी हसत्यात."

अव्वा तेव्हा सत्तरीला आल्या होत्या. त्यांनी लगेच नवं इरकल काढलं. मीही गेले, असली मजा कोण सोडणार.

काउंटरवरची मुलगी गोड हसून म्हणाली, "वेलकम, काय घेणार?"

"आधी सांग, तेल कंचं हाय?"

"व्हेजिटेबल ऑइल आहे, आज्जी."

"म्हंजे?"

"म्हणजे... भाज्यांचं. शाकाहारी."

"कंच्या भाजीचं?" अव्वांनी काउंटरवर कोपर टेकलं. "भेंडीचं का दोडक्याचं?"

मागची रांग हसायला लागली. पोरीच्या मैत्रिणीही हसल्या, पण आता त्या अव्वांच्या बाजूनं हसत होत्या. काउंटरवरची मुलगीही हसू आवरत आत गेली आणि मॅनेजरला घेऊन आली. तिशीचा, टाय लावलेला तरुण. अव्वांनी त्याला पोरीचं सगळं सांगितलं. तो न हसता ऐकत होता. मग आत जाऊन तेलाचा खोकाच बाहेर घेऊन आला. पामतेल होतं. त्यानं खोक्यावरचं वाचून दाखवलं.

"तेलात शेंगदाणा नाही," तो म्हणाला. "पण एका सॉसबद्दल मला खात्री नाही. तो तयार येतो आणि त्याच्या पाकिटावर आत काय काय आहे ते नीट लिहिलेलं नाही. आमची पोरं त्याच हातांनी सगळं भरतात. मी चौकशी करतो. तोवर हिला इथलं काही देऊ नका असंच मी सांगेन."

मला वाटलं अव्वा आता काहीतरी खोचक बोलणार. त्यांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "बरं केलास बाळा. न्हाई म्हणायला धाडस लागतं."

पोरगीही हिरमुसली नाही. मैत्रिणींनी आपापले बर्गर घेतले, ती त्यांच्याबरोबर थंड पाण्याची सीलबंद बाटली घेऊन बसली आणि सगळ्यांत जास्त गप्पा तिनंच मारल्या. अव्वांनी एक बर्गर मागवून खाल्ला. "कटलेटाचा पाव आपला बरा हाय," त्या म्हणाल्या, पण पूर्ण संपवला. मग सगळी पलटण दोन रिक्षांतून आमच्या दुकानावर आली आणि वेगळ्या दाराच्या आत पोरीच्या मैत्रिणींनी चिप्सच्या बशांवर बशा फस्त केल्या.

आठवडाभरानं दुपारच्या वेळी तोच मॅनेजर आमच्याकडं आला. टाय नव्हता, साधा शर्ट होता, त्यामुळं आधी ओळखलंच नाही. त्याला वडा हवा होता, शेंगतेलातला. तो मूळचा चंदगडचा, इथं खोली घेऊन एकटा राहायचा आणि दिवसभर बर्गरच्या वासात उभं राहून कंटाळला होता. पहिला वडा त्यानं न बोलता खाल्ला, दुसऱ्यावर चटणी मागितली, तिसऱ्याला कपाळावरचा घाम पुसत म्हणाला, "आज्जी, त्या सॉसचं कळवलंय मी वर. उत्तर आलं की सांगतो. तोवर काउंटरवर सांगून ठेवलंय, माहीत नसलं तर माहीत नाही म्हणायचं."

"असंच पायजे," अव्वा म्हणाल्या आणि त्याच्या बशीत न मागता चौथा वडा टाकला.

तेवढ्यात पोरगी कॉलेजातून आली. शेंगतेलाच्या बाजूला ती पाऊल टाकायची नाही, म्हणून बाहेरच्या बाकावर बसून तिनं आतल्या माणसाला हात केला. त्यानंही तोंडात घास असतानाच हात केला.

अव्वांनी झारा बाजूला ठेवला, हात पुसले आणि त्याच्यासमोर येऊन बसल्या. "चंदगडचा म्हंतोस," त्या म्हणाल्या. "आई-वडील काय करत्यात? शेती किती? लगीन झालंय का?"

त्याला ठसका लागला. बाहेर बाकावर पोरगी खो खो हसत होती आणि अव्वा त्याच्या पाठीवर थापट्या मारत आपल्या माहेरच्या एका पोरीचं वर्णन सांगायला लागल्या होत्या.